काठीची झाली जास्वंद

मी जास्वंद बोलतेय. तुमच्या अंगणातली लालभडक जास्वंद माझी लांबची बहीण लागते. तिचा थाट वेगळा, तिला मान वेगळा. माझं फूल सकाळी उमलतं तेव्हा ताकासारखं फिकं असतं, पोटात जांभळा डाग असतो, आणि दिवस कलेपर्यंत ते सगळंच जांभळट होऊन मिटतं. आमच्या जातीची झाडं साऱ्या जगात एकाच बेटावर होती आणि तिथेही शेवटी दोनच उरली होती. त्यातली थोरली ती माझी आई आणि धाकटी ती मावशी. मी आईची एक फांदी.

फांदी तरी कशाला म्हणू, काठीच म्हणते. काठी म्हणूनच तर मला तोडलं.

आमचं फिलिप बेट पॅसिफिक महासागरातल्या नॉरफोक बेटाच्या धक्क्यावरून समोरच दिसतं. होडीने तासाभराची वाट आहे, वारा बरा असला तर. तिथे कुणी राहत नाही. पण सप्टेंबर लागला की काळ्या पाठीचे सुरय पक्षी हजारांनी येतात आणि उघड्या जमिनीवर अंडी घालतात, आणि नॉरफोकची माणसं बादल्या घेऊन त्यांच्यामागे येतात. एक दिवस आधीची सगळी अंडी उचलून जागा साफ करायची, म्हणजे दुसऱ्या दिवशी मिळतील ती अंडी ताजीच असणार, अशी त्यांची पद्धत. हंगाम सरत आला की हात आवरता घ्यायचा, म्हणजे पक्ष्यांना पुन्हा घालून पिल्लं काढता येतात. या बाबतीत माणसं शहाणी होती, हे मी मान्य करते.

ससे सोडताना मात्र त्यांनी ते शहाणपण घरी ठेवलं होतं. फार पूर्वी कुणीतरी या बेटावर डुकरं, शेळ्या आणि ससे सोडले, का तर शिकारीला काहीतरी असावं. डुकरं आणि शेळ्या आजे-पणजांच्या काळात संपल्या. ससे राहिले. जमिनीतून हिरवं टोक वर आलं की दुसऱ्या दिवशी ते नसायचं. गवत गेलं, झुडपं गेली, माती धुपून समुद्रात गेली आणि बेट लाल-पिवळं, बोडकं झालं. आई आणि मावशी तेवढ्या उंच वाढलेल्या म्हणून वाचल्या. दोघी दर वर्षी फुलत, बी टाकत, बी रुजतही असे. पण आपलं एकही पोर वीतभर झालेलं त्यांनी कधी पाहिलं नाही. मी आईच्या अंगावरच होते, तेव्हा हे सगळं माझ्या डोळ्यांदेखत चालायचं.

मला तोडणाऱ्याचं नाव ॲल्विन क्विंटल. या नावाने त्याला फक्त पाद्री हाक मारायचा, आणि चिडलेली असली की त्याची बायको डल्सी. बाकी सगळ्या बेटाला तो 'बादली' म्हणूनच ठाऊक. तरुणपणी एकदा उतरताना होडी उलटली, तर हा गडी अंड्यांची बादली डोक्यावर धरून पोहत खडकाला लागला. अंडं एक फुटलं नाही, विजार मात्र समुद्रात गेली. तेव्हापासून जे नाव पडलं ते पडलंच. आमच्याकडे फोनच्या यादीतसुद्धा टोपणनावं छापतात, तिथेही तो बादलीच आहे.

एका वर्षी फिलिप बेटावर उतरताना त्याची काठी समुद्रात गेली. चढण निसरडी, काठीवाचून वर जाणं अशक्य. त्याने इकडे तिकडे पाहिलं आणि आईची एक सरळ फांदी, म्हणजे मला, कडकन मोडली. त्याचा धाकटा भाऊ हेडली खालून ओरडला, "अरे, अख्ख्या बेटावर दोन झाडं आहेत, आणि तू त्यांचीच काठी करतोस?"

"दोन आहेत म्हणून लवकर सापडली. दहा असती तर निवडण्यात वेळ गेला असता," बादली म्हणाला.

असा हा माणूस. रागावायला जावं तर उत्तर असं देणार की राग विसरायला होतो.

संध्याकाळी मी त्याच्या हातातून होडीत आले आणि होडीतून त्याच्या अंगणात. कपडे धुवायच्या खोपटीशेजारी कायम चिखल असायचा, तिथे त्याने मला खुपसलं, वर मोडलेल्या फुटीचा खुंट होता त्याला अंड्यांची बादली अडकवली आणि तो जेवायला गेला. अंडी दुसऱ्या दिवशी शेजारीपाजारी वाटली. मी तशीच उभी राहिले. डल्सी धुण्याचं पाणी ओतायची ते माझ्या पायाशी. कोंबड्या यायच्या, उकरायच्या, जाताना काही ना काही ठेवून जायच्या. कुणाच्या मनात माझं भलं करायचं नव्हतं, पण भलं होत गेलं.

तीन महिन्यांनी डल्सी कपडे वाळत घालताना थबकली. "ॲल्विन, तुझ्या काठीला पान फुटलंय."

"मग आता बादली कुठे टांगू?"

"तिलाच टांग. पान फुटलं म्हणून काही कुणी काम सोडत नाही."

तेव्हापासून मी त्या घरातली झाले. तिसऱ्या वर्षी पहिलं फूल आलं. नोव्हेंबरात आमच्याकडे आभाराचा सण असतो. चर्चमधल्या बाकांना मक्याची ताटं बांधतात, भोपळे आणि रताळी मांडतात, आणि पिकलं त्याबद्दल देवाचे आभार मानतात. डल्सीने त्या वर्षी भोपळ्यांच्या मध्ये एका वाटीत माझी तीन फुलं ठेवली. घरी येऊन तिने सांगितलं की म्हातारी माणसं वाटीपाशी रेंगाळत होती, हे फूल त्यांनी फक्त आपल्या आज्यांच्या तोंडून ऐकलं होतं. मला काय वाटलं म्हणून विचारू नका. काठी म्हणून आलेल्या बाईला याहून मोठा मान कुठला.

पुढची वीसएक वर्षं सुखाची गेली. मी छपराच्या वर गेले. माझ्या सावलीत टेबल आलं, बाक आलं. बादली अजून माझ्याच अंगावर टांगली जायची, आणि दर हंगामात दोघे भाऊ त्या टेबलाशी बसून तिकडच्या गप्पा मारायचे. अंडी गोळा झाली की दोघे एक दिवस जास्त राहायचे, सशांच्या शिकारीला. पश्चिमेच्या कड्याखाली एक कपार होती, दोर लावून उतरावं लागे. ती जागा फक्त या दोघांनाच माहीत होती. तिथे बसून ते दिवसभर बंदूक कमी आणि तोंड जास्त चालवत असणार, असा डल्सीचा अंदाज होता.

मग हेडली गेला. रताळी खणता खणता खाली बसला, तो उठला नाही. आमच्याकडे खड्डा खणायला, पेटी न्यायला कुणाला बोलवावं लागत नाही, सगळं बेट आपणहून येतं. तसं ते आलं. बादलीने शेवटचं फावडंभर माती टाकली, घरी आला, टेबलाशी बसला आणि समोरच्या रिकाम्या बाकाकडे बघत राहिला. त्या वर्षी तो अंड्यांना गेला नाही. बादली माझ्या अंगावर कोरडी टांगलेली होती.

हेडलीला एकच मुलगी, बेरिल. ती उद्यानखात्यात कामाला होती. बापाच्या माघारी दुसऱ्या वर्षी तिने माझ्या सावलीत बसूनच काकाला सांगितलं की खात्याने फिलिप बेटावरचे ससे संपवायचं ठरवलंय आणि ते काम तिच्याकडे आलंय.

बादलीने कप खाली ठेवला. "ससे मारून टाकल्यावर आम्ही तिकडे जायचं कशाला?"

"अंड्यांना जा ना, काका."

"अंडी पळतात का कुठे?"

बेरिल हसली. तिला वाटलं काका थट्टा करतोय. नुसती थट्टा नव्हती ती, मला त्याच्या पाठीवरून कळत होतं. पण एक सांगायला हवं, बेटावर तेव्हा असं बोलणारा तो एकटा नव्हता. सभा झाल्या, भांडणं झाली. निम्म्या घरांना सशाचा रस्सा आठवत होता. जास्वंद फार थोड्यांना आठवत होती.

काम सुरू झालं. विष, सापळे, बंदुका. बेरिल आठवडे-आठवडे तिकडे तंबूत राही. त्याच हिवाळ्यात, म्हणजे आमच्याकडच्या जून-जुलैत, एका दुपारी बादली कुणाच्या तरी होडीतून जाऊन आला, आणि त्याने बादली माझ्यावर टांगली. वर नेच्याची पानं झाकलेली होती. आत काहीतरी खरवडत होतं. मी अंड्यांच्या बादल्या पुष्कळ पाहिल्या होत्या, अंडी खरवडत नाहीत. त्याने पानं बाजूला केली तेव्हा आत सशाची दोन पिल्लं होती, एक नर, एक मादी.

माझी सगळी भावंडं खाणारी जात माझ्याच फांदीला लोंबकळत होती. मला काय करता येणार होतं? वारा होता, मी पानं हलवली. बादलीला वाटलं, पाऊस येणार.

त्याने पिल्लं खोपटीत ठेवली. डल्सीला दुसऱ्याच दिवशी कळलं. तिला वाटलं, सणाच्या रश्श्यासाठी पोसतोय, आणि ती रोज कोबीची पानं टाकू लागली. बादली मात्र खोपटीच्या दारात उपडं खोकं घेऊन बसायचा आणि त्यांच्याशी बोलायचा. कपारीतल्या गोष्टी सांगायचा. हेडलीने एकदा नेम धरला आणि शिंक आली, ती गोष्ट मी त्या हिवाळ्यात दहा वेळा ऐकली. एकदा तो हळूच म्हणाला, "तुम्ही दोघे राहिलात की ते दिवस राहिले."

त्या क्षणापासून मला त्याचा राग धरता आला नाही. भीती मात्र बसली.

सप्टेंबरात बेरिलने जाहीर केलं की तीन महिन्यांत बेटावर सशाची एक लेंडी दिसलेली नाही. गावात तिचं कौतुक झालं. दोन दिवसांनी बादलीने माझ्यावरची बादली काढली, खोपटीत नेली, ओलं पोतं झाकून बाहेर आणली आणि अंड्यांना म्हणून निघून गेला. संध्याकाळी डल्सीने विचारलं, ससे कुठे गेले. तो म्हणाला, मांजराने खाल्ले. डल्सीने उन्हात पाय ताणून पडलेल्या मांजराकडे पाहिलं. खोपटीत जाऊन जमीन पाहिली. तिथे केसाचा एक पुंजकाही नव्हता. ती बाहेर आली आणि कपडे घड्या करू लागली.

पुढच्या वर्षी मोठं वादळ झालं. मावशी कड्यासकट समुद्रात गेली. ही बातमी मला बेरिलकडून कळली, म्हणजे ती डल्सीला सांगत होती आणि मी ऐकत होते. आता तिकडे एकटी आई उरली होती आणि इकडे मी. बेरिलने डल्सीची परवानगी काढली, धारदार चाकूने माझ्या बारा कोवळ्या फांद्या घेतल्या आणि दुधाच्या पावडरीच्या डब्यांतून लावल्या. वर्षभर तिने त्यांना पोरांसारखं वाढवलं. मग त्या होडीतून फिलिप बेटावर गेल्या, आणि आईपासून हाकेच्या अंतरावर लागल्या. पाणी पाठीवर घेऊन ती निसरडी चढण ती रोज दोनदा चढत होती. परत आली की सांगायची, तिकडे गवत आलंय, अख्खी एक बाजू हिरवी झालीय. डल्सी टाळ्या वाजवायची. बादली म्हणायचा, "छान." एवढंच.

त्या दिवसांत मी फार फुलले. कृतज्ञ असण्याची माझी पद्धत तेवढीच आहे.

फेब्रुवारीत बेरिल आली ती सरळ बाकावर येऊन बसली. तिचे बूट लाल मातीने भरलेले होते. तिने रोपं गेली म्हणून सांगितलं. बाराच्या बारा, बोटभर उंचीवर कातरलेली. आईच्या खोडाची सालसुद्धा एका बाजूने हातभर खरवडलेली होती आणि तिकडची फांदी वाळायला लागली होती. जमिनीवर ताज्या लेंड्या होत्या. वरचे साहेब म्हणाले होते की जे काम साधलंच नाही ते पुढे रेटायचं कशाला, हिवाळ्याआधी गाशा गुंडाळा.

"तीन वर्षं एकेक बीळ तपासलं, काका," ती म्हणाली. "कुठेतरी माझंच चुकलं. एक बीळ सुटलं माझ्या हातून."

डल्सीने तिच्यापुढे पिल्हाय, म्हणजे रताळं किसून भाजलेली वडी, ठेवली, तिने ती बोटाने उकरली फक्त. बादली कोंबड्या बघून येतो म्हणून उठला. कोंबड्या समोरच होत्या.

बेरिल गेल्यावर डल्सी भांडी आवरायला लागली. नवऱ्याकडे न बघता म्हणाली, "आपलं मांजर चांगलंच पोहणारं निघालं."

तिने भांडी उचलली. आत गेली. बादली बाकावर बसून राहिला, कोंबड्या खुराड्यात गेल्या तरी बसून राहिला. जन्मात एकदाच मला तोंड असावं असं वाटलं ते तेव्हा. मी त्याला म्हणाले असते, बाबा, तू मला मोडलीस म्हणून मी जगले, तुझे उपकार मी कधी विसरले नाही. पण तिकडे माझी आई एकटी आहे आणि तिची साल सोलली जातेय, आणि हे तू केलंयस. हेडली तुला त्या कपारीत सापडणार नाही. एवढं सगळं मी म्हणाले असते. मला तोंड नाही हे बरंच झालं, कारण सकाळी तो जे बोलला ते त्याचं त्यालाच सुचलं होतं.

सकाळी त्याने बेरिलला बोलावून घेतलं. ती फाटकातून आत येईपर्यंत तो उभाच होता, माझ्यावरची बादली काढून हातात धरून.

"तू चुकली नाहीस," तो म्हणाला. "बीळबीळ काही सुटलं नाही तुझ्याकडून. दोन ससे मी नेले. ह्या बादलीतून. तुझ्या बापाच्या आणि माझ्या कपारीत सोडले. मला वाटलं, तिथून वर यायला दोर लागतो."

"माणसाला लागतो," बेरिल म्हणाली. तिचा आवाज अगदी साधा होता. मग तिने विचारलं, "का पण?"

"तिथे गेलं की तो असतो."

बेरिल त्याच्याकडे बघत राहिली. मी तिला लहानपणापासून पाहत आले होते, इतकी बापासारखी ती कधी दिसली नव्हती. "मलाही तो हवाच होता, काका," ती म्हणाली. "मी ससे नाही पाळले."

बादलीची मान खाली गेली. बेरिल फाटकापर्यंत गेली, तिथून मागे न वळता म्हणाली, "उद्या सहा वाजता धक्क्यावर या. कपार दाखवायची."

नॉरफोकवर रस्त्याने गाडी चालली की समोरून येणाऱ्या प्रत्येकाला हात करायचा असतो. फार नाही, चाकावरून एक बोट उचललं तरी चालतं. भांडण असो, वैर असो, कोर्टकचेरी असो, बोट उचलायचंच. माझ्या कुंपणाशेजारून रस्ता जातो, मी आयुष्यभर ती बोटं पाहत आलेय. त्या दिवसानंतर बेरिलची गाडी जायची ती दोन्ही हात चाकावर घट्ट धरून. बादली कुंपणाशी उभा राहून हात वर करायचा. ती सरळ पुढे बघायची. तिने कुणाला एका शब्दाने काही सांगितलं नव्हतं, तरी चार दिवसांत सगळं बेट समजून चुकलं की बादलीने काहीतरी मोठं केलंय.

आणि तरी दर खेपेला होडीत दोघे एकत्र असायचे. तो साठी ओलांडून गेलेला, गुडघे कुरकुरणारे. पण दोर कुठे बांधायचा आणि पाय कुठे ठेवायचा ते त्याच्याशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं. बेरिलने साहेबांना काय लिहून कळवलं मला माहीत नाही. काम मात्र थांबलं नाही. पहिल्या दिवशी कपारीत चार ससे मिळाले, नंतर वरच्या घळीत पाच, मग दोन. एकच म्हातारा नर राहिला, तो काही केल्या हाती लागेना. आठ खेपा झाल्या. होडीत दोघे कामापुरतं बोलायचे, दोर दे, खाली बघ, एवढंच. असं बादली डल्सीला सांगायचा आणि ती ऐकून घ्यायची.

आठव्या खेपेची हकिकत पुढे बेरिलनेच सांगितली. बादली सकाळपासून कड्याच्या काठावर पालथा पडून होता, हातात हेडलीची बंदूक. दुपारी ससा बाहेर आला आणि उन्हात बसला. बेरिलला वाटलं, याच्याने होणार नाही, आणि ती बंदूक मागायला सरकली. तो म्हणाला, "मी आणलाय, मीच नेणार." आणि त्याने नेम धरला.

संध्याकाळी तो ससा बादलीतून आला आणि नेहमीच्या जागी, माझ्या खुंटावर टांगला गेला. डल्सीने रस्सा केला. तिने बेरिलला निरोप पाठवला आणि बेरिल आली, तीन महिन्यांनी पहिल्यांदा. तिघं माझ्याखाली जेवायला बसली. बादलीने एक तुकडा बराच वेळ चावला, मग ताटाच्या कडेला काढून ठेवला.

"चामडं झालंय नुसतं," तो म्हणाला. "म्हातारा होता."

"बाबासुद्धा हेच म्हणाले असते," बेरिल म्हणाली, आणि तिने स्वतःच्या ताटातला रस्सा शेवटच्या थेंबापर्यंत पुसून खाल्ला. डल्सीने डोळे पुसले आणि कांद्यावर ढकललं. कांदा तर कधीच शिजून गेला होता.

त्यानंतर पुन्हा माझ्या फांद्या घेतल्या गेल्या. या वेळी चाकू बादलीच्या हातात होता. प्रत्येक फांदीआधी तो थांबायचा, बेरिलला विचारायचा, इथे कापू का, आणि कापल्यावर जखमेवर ओली माती लावायचा. या हाताने पूर्वी मला कडकन मोडलं होतं, विचारलं नव्हतं. ती रोपं जगली. आईची एक बाजू गेली, पण बुडातून तिला नवे धुमारे फुटले. बेटावर गवत पसरलं, मग झुडपं आली. पक्ष्यांना उघडी जमीन कमी पडते म्हणून आता अंडीवाल्यांची कुरकुर असते. ती ऐकायला मला फार आवडते.

पण खरं सांगू? फांद्या लावल्या म्हणजे मीच पुन्हा उभी राहते. फांदी म्हणजे लेक नव्हे. आईचं बी जमिनीवर पडावं, कुणी न बघता रुजावं आणि कुणी न खाता वाढावं, तर आमची जात राहिली असं म्हणायचं. वर्षं जात होती आणि बेरिल प्रत्येक खेपेला आईच्या पायाशी बसून माती बघून येत होती. काही नसायचं. आमचं बी बुजरं, त्याची सवयच गेली असावी. बादलीही दर वेळी विचारायचा, आणि नाही म्हटल्यावर दुसरं काहीतरी बोलायचा. त्याने दोन ससे सोडले त्यात बियांचे किती हंगाम गेले याचा हिशोब तो मनात करत असणार. मला तो हिशोब नको होता. पण मी त्याला सांगणार कशी?

आता तो ब्याऐंशी वर्षांचा आहे. डोळ्यांना अंधूक अंधूकच दिसतं. होडी सुटली, चढण सुटली. सकाळी डल्सी त्याला हाताला धरून माझ्याखाली आणून बसवते आणि ऊन आलं की खुर्ची सरकवते. रस्त्यावरून गाडीचा आवाज आला की तो हात वर करतो, कोण आहे ते न बघता. मीही थकलेय. खोड पोखरलंय, एक मोठी फांदी गेल्या वर्षी उतरली. पण रोज सकाळी पाच-सहा फुलं उमलतात आणि डल्सी त्यातलं एक त्याच्या कपाशेजारी ठेवते. याहून जास्त मी कधी मागितलं नव्हतं.

गेल्या सप्टेंबरात बेरिल धक्क्यावरून थेट इकडे आली. तिचेही केस आता पांढरे झालेत. कपड्यांवर समुद्राचं मीठ वाळलेलं होतं. बसली सुद्धा नाही.

"काका, थोरल्या झाडाखाली एक रोप आलंय. बियाचं आहे. मी लावलेलं नाही."

बादलीने कप चाचपडत टेबलावर ठेवला. "केवढं आहे?"

"वीतभर. थोडं जास्तच."

"चावलंय?"

"नाही."

"नीट बघितलंस?"

"पानं मोजली, काका. नऊ आहेत. नऊच्या नऊ अख्खी."

त्याने हात मागे नेऊन माझं खोड शोधलं आणि त्यावर दोन थापट्या दिल्या, गाईच्या पाठीवर देतात तशा, आणि हात तसाच ठेवला. डल्सी दारात उभी होती. कुणी रडलं नाही, कुणी हसलंही नाही. त्याच्या हाताखाली माझी साल होती, एवढं मला कळत होतं.

या हाताची मी ऋणी आहे. याने मला आईपासून तोडलं, म्हणून मी या अंगणात वाढले. याने माझ्या जातीचा काळ बादलीत घालून नेला आणि याच हाताने तो परत आणला. डल्सीच्या धुण्याच्या पाण्याची मी ऋणी आहे, कोंबड्यांची आहे, आणि ती निसरडी चढण पाठीवर पाणी घेऊन चढणाऱ्या बेरिलची तर फारच. पण त्या वीतभर रोपाला आमच्यापैकी कुणाचीच गरज नाही, माझीसुद्धा नाही. ते आपलं आपण उगवलंय.

तुम्ही कधी त्या बाजूला गेलात तर त्याच्याजवळ थोडं बसा. मग परत या. येताना तिथून काही आणू नका, आणि तिथे काही सोडून येऊ नका.